पुढच्या खोलीतली कचेरी

"कामकाजाच्या वेळेत कांदा आत आणता येणार नाही," कारकून म्हणाला. कांद्याकडे त्याने मान वर करूनही बघितलं नाही.

आत्या उंबऱ्यात उभी होती. डोक्यावर गोणी, कानशिलावरून घामाचे ओघळ, आणि मागे रस्त्यावर भाड्याच्या ट्रॅक्टरची कांद्याने भरलेली ट्रॉली. ट्रॅक्टरवाल्याला अजून दुसऱ्याच्या शेतावर जायचं होतं, तो सारखा भोंगा वाजवत होता. ऊन नुसतं भाजून काढत होतं. मातीतून उपटून, पात कापून, जिवापाड जपत वाळवलेला कांदा. असा उघड्यावर पडला तर त्याचं काय होतं हे आत्याला कुणी सांगायला नको होतं.

"बाजूला हो," ती म्हणाली.

"आत्या, जरा समजून घ्या. ही कचेरी आहे."

"ही माझी पुढची खोली आहे. माझ्या बापाने माती तुडवून बांधलेली. जिथं तू टेबल मांडलंयस ना, तिथं माझा कांदा असायचा. तुझ्या आधीपासून. आणि तुझ्यापेक्षा उपयोगाचा."

 कारकुनाने आपला चहाचा कप उचलून कागदावरून खिडकीत ठेवला, म्हणजे आता भांडण होणार हे त्याला कळलं होतं. पण आत्या भांडली नाही. ट्रॅक्टरवाल्याच्या भोंग्याने तिचा वेळ खाल्ला होता. ती टेबलाला वळसा घालून, कारकुनाच्या पाठीला गोणी घासत, थेट आतल्या खोलीत गेली आणि चुलीशेजारी कांदा ओतला. मग दुसरी गोणी. मग तिसरी. संध्याकाळपर्यंत आतल्या खोलीत चूल, एक खाट आणि छातीएवढा कांदा, एवढंच उरलं. माणसाला उभं राहायचं तर आधी कांद्याला विचारावं लागत होतं.

गावात तिला सगळेच आत्या म्हणायचे. ती याच गावची लेक. नवरा गेल्यावर लहानगी पोर कडेला घेऊन बापाच्या घरी परत आली, बापाची दीड एकर जमीन कसायला लागली आणि सगळ्या गावाची आत्या झाली. जीभ तिखट होती, पण कुणाच्या घरी मयत झाली की पहिला हंडा तिच्या डोक्यावरून यायचा.

आता या बाईच्या घरात कचेरी आली कशी, ते सांगायला हवं.

गावाच्या पुढाऱ्याला गावाचा विकास करायचा होता. म्हणजे नेमकं काय, ते त्यालाही माहीत नव्हतं, पण शेजारच्या मोठ्या गावाच्या आधी करायचा होता, एवढं नक्की होतं. जिल्ह्याने ठरवलं होतं की ज्या गावाची लोकसंख्या भरेल तिथं एक उपकचेरी द्यायची. या गावाची लोकसंख्या भरत नव्हती. पुढाऱ्याने ती भरवली. नदीपलीकडची धनगरांची पालं त्याने गावात धरली, जी उन्हाळा संपला की उठून जायची. शहरात जाऊन दहा वर्षं झालेली माणसं धरली. ज्यांना पोचवायला तो स्वतः स्मशानापर्यंत गेला होता, अशा काहींनाही त्याने मोठ्या मनाने परत गावात घेतलं. असं गाव एकदम वाढलं आणि कचेरी मंजूर झाली.

दवाखान्याच्या खात्याची मोजणी मात्र वेगळी. त्यांचा माणूस भर दुपारी आला, सगळं गाव रानात असताना. दारात जी म्हातारी माणसं बसलेली दिसली तेवढी मोजली आणि ऊन फार आहे म्हणून परत गेला. त्यामुळे एकाच गावाच्या दोन लोकसंख्या झाल्या. कचेरीसाठी गाव भलंमोठं होतं आणि दवाखान्याच्या गाडीसाठी एवढंसं. कुणी आजारी पडून गाडी मागितली, की पलीकडून उत्तर यायचं, "तुमचं गाव बसत नाही." आजारी माणूस मग आजारीच बसायचा.

कचेरी मंजूर झाली, पण बसवायची कुठं? पुढाऱ्याचं घर ऐसपैस होतं, पण त्याच्या घरात त्याची बायको राहायची आणि ती आत्यापेक्षा तिखट होती. तेव्हा तो आत्याकडे आला.

"आत्या, दोनच महिने. तोवर इमारत उभी राहते. गावाचं नाव होईल. तुमच्या दारावर सरकारी पाटी लागेल."

"पाटी घेऊन मी काय करू? ती तळता येते का?"

"भाडं मिळेल ना."

आत्याने हो म्हटलं. गावासाठी म्हटलं, पुढाऱ्यासाठी नाही, हे ती नंतर सगळ्यांना सांगायची. दोन महिन्यांचं वर्ष झालं. भाड्याचं काय झालं ते विचारलं की कारकून म्हणायचा, "वर पाठवलंय." आत्या आभाळाकडे बघायची. तिथून पाऊससुद्धा वेळेवर येत नव्हता.

कांदा आतल्या खोलीत गेला त्याच आठवड्यात लेक आली. सातवा महिना लागला होता. जावई रस्त्याच्या कामावर मजूर, आज इथं तर उद्या तिकडं, डांबराच्या पिंपाशेजारी पत्र्याच्या खोपटात राहायचा. तिथं बाळंतपण कुठं करायचं? म्हणून ती आईकडे आली. दारात तिला कारकुनाने थांबवलं. "काय काम आहे?"

"मला माझ्या आईला भेटायचंय."

"त्या कुठल्या टेबलाला असतात?"

"चुलीला," लेक म्हणाली आणि आत गेली.

आत कांदा. रात्रंदिवस कांद्याचा वास, सालपटांचा कुस्करा, डोळ्यांची आग. लेक खाटेवर पडून रडायची तेव्हा ती नवऱ्याच्या आठवणीने रडतेय की कांद्याने, हे आत्याला कळायचं नाही. तिने विचारलं तर लेक म्हणाली, "दोन्ही."

मग आत्याने रीतसर अर्ज केला, की माझी खोली मोकळी करा. अर्ज द्यायचा कुठं? तर तिच्याच पुढच्या खोलीत. चुलीवरचं दूध उतरवून ती बाहेर गेली, अर्ज दिला. कारकुनाने शिक्का मारला. ती परत आत आली तोवर दूध कोमटही झालं नव्हतं. पण तोच अर्ज जिल्ह्याला जाऊन परत पुढच्या खोलीत यायला आख्खा उन्हाळा लागला. उत्तर आलं की मालकिणीची सुनावणी होईल, तिने साहेबांपुढे हजर राहावं.

"कुठं हजर राहू?" आत्याने विचारलं.

"इथंच," कारकून म्हणाला. "पण वेळेवर या."

सुनावणीच्या दिवशी सकाळपासून आभाळाचा रंग बिघडला होता. वारा पडला होता, झाडाचं पान हलत नव्हतं, आणि पश्चिमेला मातकट पडदा उभा राहत होता. साहेब दुपारी जीपने आले. वयाने तरुण, कपाळावर आठ्या मात्र अनुभवी माणसाच्या. पुढारी त्यांच्या खुर्चीमागे असा उभा राहिला जणू खुर्ची त्यानेच धरून ठेवली होती.

"तुमचं म्हणणं काय?" साहेबांनी विचारलं.

"खोली मोकळी करा."

"कारण?"

"माझी आहे."

"ते झालं भावनिक. कारण सांगा."

 आत्या कांद्याबद्दल सांगायला लागली, मग लेकीबद्दल, मग पुढाऱ्याच्या दोन महिन्यांबद्दल. पुढारी मध्येच म्हणाला, "साहेब, आत्या आमच्या घरच्याच आहेत, जरा तापट आहेत एवढंच." आत्या म्हणाली, "तुझ्या घरची असते तर कचेरी तुझ्याकडे असती."

तेवढ्यात आतून हाक आली. "आई!"

"थांब गं, आले," आत्या म्हणाली.

दुसरी हाक आली, ती हाक नव्हतीच. ती ओरड होती. आत्याच्या तोंडचं वाक्य तिथंच तुटलं. आत जाऊन ती लगेच परत आली.

"तिचं पोट दुखायला लागलंय. दिवस आहेत अजून, पण दुखतंय. गाडी बोलवा."

"बाई, कामकाज चालू आहे," साहेब सवयीने म्हणाले.

"आतलंही चालू झालंय!"

कारकुनाने फोन उचलला. हे त्याचं काम नव्हतं, पण त्याने उचलला. पलीकडून विचारलं गेलं, गावाची लोकसंख्या किती. "कुठली सांगू?" कारकून विचारून बसला आणि त्याला स्वतःचीच लाज वाटली. पलीकडच्याने गावाचं नाव ऐकलं आणि नेहमीचं उत्तर दिलं.

"मग तुमची जीप," आत्या साहेबांना म्हणाली.

साहेबांनी जीपकडे बघितलं. सरकारी गाडीत खाजगी माणूस न्यायचा नाही, असा नियम होता. आणि गेल्याच महिन्यात या नियमावरून त्यांना वरून बोलणी बसली होती. हे सगळं त्यांच्या तोंडावर सरळ दिसत होतं. आतून तिसरी ओरड आली. साहेबांनी ड्रायव्हरला हाक मारली. "गाडी काढ," ते म्हणाले, पण एवढा विचार करायला जो वेळ गेला, तेवढ्यात तो मातकट पडदा गावावर येऊन कोसळला होता. धुळीने दुपारची रात्र केली. पत्रे उडाले, रस्त्याच्या कडेचं जुनं झाड मुळासकट आडवं झालं, आणि जीप त्याच्या अलीकडे अडकली.

आत्याने मग कुणाला काही विचारलं नाही. आतल्या खोलीत कांद्याच्या ढिगाशेजारी लेकीला नीट पाय पसरायलाही जागा नव्हती. तिने साहेबांच्या पुढ्यातलं सगळं दोन्ही हातांनी ढकललं. दौत, शिक्के, बांधलेले गठ्ठे, सगळं धपाधप खाली. टेबलावर गोधडी पसरली.

"बाहेर व्हा सगळे."

"बाहेर वादळ आहे, आत्या," पुढारी म्हणाला.

"मग वादळात व्हा."

शेजारची कुंभारीण पदर तोंडाला बांधून धावत आली. तिने आधी दोनदा बाळंतपणं केली होती आणि आत्याने फक्त म्हशींची. दोघींनी मिळून लेकीला टेबलावर घेतलं. दाराची कडी मोडकी होती, वाऱ्याने दार सारखं उघडत होतं. तेव्हा कारकून बाहेरून दाराला पाठ लावून उभा राहिला. तोंडात, कानात, डोळ्यांत धूळ जात होती, तरी तो हलला नाही. साहेब गोठ्यात म्हशीशेजारी उभे राहिले, डोक्यावर एक गठ्ठा धरून. पुढारी कुठं गेला ते कुणाला दिसलं नाही. तो नंतर कोंबड्यांच्या खुराड्यामागे सापडला.

आत लेक टेबलाच्या कडा धरून होती. "आई, मी मरतेय," ती म्हणाली. आत्याचा आवाज चढा होता. "मरत नाहीस. ऐकतेयस ना? एवढ्या लोकांसमोर मरायची काही गरज नाही."

वारा उतरायला लागला तेव्हा आतून बारीक, चिडलेला आवाज आला. कारकुनाने डोळे मिटले आणि दाराला टेकूनच खाली बसला. मुलगी होती. कुंभारणीने तिला पुसलं, आत्याने घेतलं, आणि मग पहिल्यांदा आत्या रडली. कांदा आतल्या खोलीत होता, तेव्हा यावेळी कारण एकच होतं.

इथं कुणालाही वाटेल की आता खोली मिळाली. पण कचेरी अशी सहज सुटत नसते.

सुनावणी अर्धी का राहिली याचा खुलासा साहेबांना वर द्यावा लागला. त्यांनी खरं लिहिलं, की उपकचेरीत प्रसूती झाल्यामुळे कामकाज थांबलं. वर कुणीतरी ते घाईत वाचलं आणि असा समज करून घेतला की या उपकचेरीत प्रसूतीची सोय सुरू झाली आहे. जिल्ह्यात असं कुठंच झालं नव्हतं. मोठे साहेब स्वतः आले. त्यांनी पुढाऱ्याची पाठ थोपटली. पुढाऱ्याने ती थोपटून घेतली. आत्याच्या चौकटीवर नवी पाटी ठोकली गेली, 'येथे प्रसूतीची सोय आहे'. ठोकताना चौकटीचं लाकूड चिरलं.

"सोय कुठाय?" आत्याने मोठ्या साहेबांना विचारलं. "माझ्या लेकीला गाडी मिळाली नाही म्हणून ती टेबलावर बाळंत झाली."

"तेच तर," मोठे साहेब खूश होऊन म्हणाले, "उपलब्ध साधनांत."

आणि सोय म्हटली की उद्दिष्ट आलं. दर महिन्याला अमुक इतकी बाळंतपणं या उपकचेरीत झालीच पाहिजेत, असं वरून ठरून आलं. ठरवताना लोकसंख्या धरली ती पुढाऱ्याने भरवलेली. आता पालं उठून गेली होती, शहरातले शहरात होते, आणि स्मशानातल्यांकडून कुणाची काही अपेक्षा नव्हती. उरली ती म्हातारी माणसं. त्यांच्या दारोदार कारकून फिरायला लागला.

"आजोबा, घरात कुणी... म्हणजे कुणाला दिवस वगैरे?" त्याने गावाच्या टोकाच्या म्हाताऱ्याला विचारलं.

म्हाताऱ्याने आधी आत म्हातारीकडे बघितलं. "इच्छा आहे रे," तो म्हणाला, "पण हिचे गुडघे दुखतात."

आतून म्हातारीने पळी फेकून मारली. ती कारकुनाला लागली.

पावसाळा सरला, उद्दिष्टाची पानं कोरीच राहिली. शेवटी गावालाच नोटीस आली. मंजूर लोकसंख्येच्या मानाने गावात जन्म का झाले नाहीत, याचा खुलासा गावाने करावा. साहेब परत आले, लोक पुढच्या खोलीत आणि ओट्यावर दाटीवाटीने बसले. पुढारी उठला आणि गावकऱ्यांनी विकासाला सहकार्य करावं, असं काहीसं बोलायला लागला. कुणी हसलं नाही. सहकार्य कसलं करायचं, हे मनात येऊन बाया पदराआड तोंड लपवायला लागल्या, एवढंच.

आत्या नातीला मांडीवर घेऊन बसली होती. ती बसल्या जागेवरूनच बोलली.

"साहेब, लिहून घ्या. ज्यांनी पोरं जन्माला घालायची ती सगळी पोरं तिकडं आहेत. कुणी इमारतीवर विटा वाहतंय, कुणी रस्त्यावर डांबर ओततंय. त्यांना इथं काम नाही, पाणी नाही, आणि बायको अडली तर गाडी नाही. मग ती कशाला राहतील? आम्ही राहिलोय, कारण आम्हाला कुणी नेत नाही. तुम्ही आम्हाला मोजता तेव्हा खूप असतो, आणि आम्ही मागतो तेव्हा कमी असतो. एकदा काय ते ठरवा. आहोत की नाही आम्ही?"

 ओट्यावरच्या एका म्हाताऱ्याने नाक पुसलं, त्याचे तिन्ही मुलगे बाहेर होते. साहेबांची मान खाली होती, ते खरोखर लिहीत होते. त्यांनी काय लिहिलं ते महिन्याभराने कळलं. 'तरुण लोकसंख्या अपुरी. सबब उपकचेरी शेजारच्या मोठ्या गावी हलवावी.'

एवढ्या मोठ्या बोलण्यातून सरकारने नेमकं तेवढंच ऐकलं. पण आत्याला तेवढंही पुष्कळ होतं. ट्रक आला, टेबल गेलं, पाट्या उपटल्या गेल्या. पुढारी दोन दिवस घराबाहेर पडला नाही. आत्याने खोली शेणाने सारवली. आतला कांदा अर्धा सडला होता, उरलेल्याला कोंब आले होते. जो बरा होता तो तिने पुढच्या खोलीत आणून पसरला आणि त्या रात्री लेक, नात आणि ती आतल्या खोलीत हातपाय पसरून झोपल्या.

थंडी पडली तेव्हा जावयाचा निरोप आला. त्याला एका जागी काम मिळालं होतं, पोरीला घेऊन या, पण तिचा जन्माचा दाखला लागेल, त्याशिवाय तिकडच्या दवाखान्यात नोंद होत नाही. दाखला मागवला, आला. लेकीने वाचला आणि आईकडे बघितलं. जन्मगाव म्हणून शेजारच्या मोठ्या गावाचं नाव होतं.

दुसऱ्या दिवशी तिघी टेम्पोने मोठ्या गावी गेल्या. तिथं कचेरी कुणाच्या तरी धान्याच्या कोठारात होती. तोच कारकून, तेच टेबल.

"आत्या!" तो उठलाच. मग दाखला बघून बसला. "यात चूक नाही हो. ही उपकचेरीत जन्मली. उपकचेरी इथं आहे. म्हणजे नियमाने..."

"म्हणजे ही इथं जन्मली?"

"नियमाने."

"बरं," आत्या म्हणाली. तिने पिशवीतून गोधडी काढली आणि टेबलावर पसरली. त्यावर नातीला निजवलं. लेक कारकुनाच्या खुर्चीवर बसली, आत्या दारात पाय पसरून बसली आणि पानाची चंची उघडली.

"आत्या, हे काय?"

"पोर आपल्या घरी आली आहे. जन्मगाव आहे तिचं. राहील आता इथं. तुझं चालू दे, तुझ्या कामकाजाच्या मध्ये आम्ही येत नाही."

बाहेर रांगेतली माणसं डोकावून हसायला लागली. एकाने विचारलं, कोण पाहुणे? आत्या म्हणाली, "पाहुणे नाही, इथलेच आहोत. दाखला दाखवू?" पोर जागी झाली आणि तिने एवढा गळा काढला की कोठाराच्या पत्र्याला नाद आला. कारकुनाने तिला उचलायचा प्रयत्न केला, तिने त्याच्या बाहीला धरलं ते सोडेना. त्याच अवस्थेत, एका हाताने, त्याने मोठ्या गावाचं नाव खोडलं, वर आत्याच्या गावाचं नाव लिहिलं, सही केली आणि शिक्का मारला. नियम कुठला लावला ते आत्याने विचारलं नाही.

टेम्पोपर्यंत तो सोबत आला. पोर त्याच्याच कडेवर होती.

"खरं सांगू का, आत्या," तो म्हणाला, "तुमच्याकडे बरं होतं. इथं कुणी बोलत नाही माझ्याशी."

"मी कुठं बोलत होते? शिव्याच देत होते."

"त्याच की. दिवस तरी जायचा."

आत्याने त्याच्याकडून पोर घेतली. वादळात दाराला पाठ लावून उभा राहिलेला हाच होता, हे ती विसरली नव्हती, पण तोंडाने म्हणायची तिला सवय नव्हती. ती टेम्पोत चढली, लेकीला सरकायला लावलं आणि मग बाहेर डोकं काढलं.

"ये की कधी जेवायला," ती म्हणाली. "एकटा ये पण. टेबल आणू नकोस."